येते, ओसरते, परत येते: एम१२.३११ या कोडची पार्श्वभूमी

संध्याकाळी खांद्यात ठणका सुरू होतो. रात्री त्या कुशीवर वळता येत नाही. सकाळी बाहीत हात घालायचा तर दुसऱ्याची मदत लागते. सांध्यावर सूज असते, कधी वरची कातडीही लालसर दिसते. आणि दोन दिवसांत सगळं ओसरतं. डॉक्टरांची वेळ मिळून तिथे पोचावं, तोवर हात बिनतक्रार वर जातो. एक्स-रे साफ, तपासणीत काही हाती लागत नाही. काही आठवडे जातात आणि पुन्हा तेच. कधी त्याच खांद्यात, कधी मनगटात, कधी गुडघ्यात. हेच दुखणं उजव्या खांद्यात असेल, तर अमेरिकेतल्या वैद्यकीय नोंदींत त्याला एम१२.३११ हा कोड लागतो.

या दुखण्याला पॅलिंड्रोमिक ऱ्हुमॅटिझम हे नाव दिलं अमेरिकेतल्या फिलिप हेंच आणि एडवर्ड रोझेनबर्ग या डॉक्टरांनी. १९४४ साली त्यांनी ३४ रुग्णांची तपशीलवार हकीकत छापली. हे हेंच म्हणजे मेयो क्लिनिकमधले, कॉर्टिसोनवरच्या कामासाठी १९५० च्या नोबेल पारितोषिकाचे एक मानकरी. पॅलिंड्रोम म्हटलं की आपल्याला ‘चिमा काय कामाची’ आठवतं, उलटसुलट वाचलं तरी तेच. पण मूळ ग्रीक शब्दाचा अर्थ ‘मागे धावत येणारा’ असा आहे, आणि या आजाराला तो चपखल बसतो. दोघांना सर्वांत जास्त खटकलं ते हे की इतके झटके येऊनही सांध्यात मागे काहीच खूण उरत नव्हती.

ज्याची खूण उरत नाही त्याची नोंद कुठे करायची? जाक बर्तियों यांची १८९३ ची यादी, जिच्यातून आजची आयसीडी, म्हणजे आजारांना कोड देणारी आंतरराष्ट्रीय यादी, वाढली, ती मृत्यूच्या कारणांची होती. सांधे दुखवून निघून जाणाऱ्या आजाराला तिथे जागा असण्याचं कारणच नव्हतं. १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून यादीची सूत्रं जागतिक आरोग्य संघटनेकडे आली आणि मृत्यूंबरोबर आजारही तिच्यात मोजले जाऊ लागले.

नवव्या आवृत्तीच्या अमेरिकी रूपात या दुखण्याचा आकडा होता ७१९.३, आणि खांद्यासाठी ७१९.३१. त्याच आकड्याखाली सांध्यात अधूनमधून पाणी भरण्याचा विकारही येत असे. दहाव्या आवृत्तीने, म्हणजे १९९० साली मंजूर झालेल्या यादीने, दोघांना वेगळं केलं: पॅलिंड्रोमिक ऱ्हुमॅटिझम एम१२.३ आणि पाणी भरणं एम१२.४. अमेरिकेने स्वतःचं विस्तारित रूप वापरात आणायला मात्र १ ऑक्टोबर २०१५ उजाडला. त्या रूपात सहावं अक्षर आलं आणि बाजू सांगता येऊ लागली. एम१२.३११ उजवा खांदा, एम१२.३१२ डावा, एम१२.३१९ बाजू न सांगितलेला. नुसता एम१२.३१ उपचारांच्या बिलावर चालत नाही, तो अपुरा धरतात.

मला यात महत्त्वाचा वाटतो तो या कोडचा शेजार. एम१२ च्या घरात काशिन-बेक हा हाडा-सांध्यांचा आजार आहे, मार लागून बिघडलेले सांधे आहेत. ऱ्हुमॅटॉइड आर्थरायटिस, म्हणजे शरीराची प्रतिकारशक्तीच सांध्यांवर उलटते तो संधिवात, मात्र दूर, एम०५ आणि एम०६ मध्ये. हेंच-रोझेनबर्ग यांनी हा वेगळा, नवा आजार मानला होता, आणि वर्गीकरणात ती समजूत अजून शिल्लक आहे. पुढे कळलं ते असं की यातल्या बऱ्याच रुग्णांच्या रक्तात ऱ्हुमॅटॉइड आर्थरायटिसमध्ये आढळणारी अँटी-सीसीपी प्रतिपिंडं सापडतात आणि काही जणांना काही वर्षांनी कायमचा ऱ्हुमॅटॉइड आर्थरायटिस जडतो. काहींचे झटके तसेच येत-जात राहतात, काहींचे थांबतात. म्हणून सुरुवातीच्या नोंदी जपून करायला हव्यात, असं मी आग्रहाने म्हणेन. दहा वर्षांनी मागे वळून पाहणाऱ्या डॉक्टरला पहिला झटका कधी आणि कुठे आला हे त्याच नोंदींतून कळणार असतं.

प्रत्यक्षात होतं असं की पहिल्या भेटीत सूज दिसलेली नसते, म्हणून डॉक्टर ‘उजवा खांदा दुखतो’ एवढंच लिहितात आणि कोडर, म्हणजे नोंदी वाचून कोड लावणारा कर्मचारी, एम२५.५११ लावतो, म्हणजे नुसती खांदेदुखी. यात कोडरची चूक नाही. अमेरिकी नियमानुसार बाह्यरुग्ण विभागात ‘संशय आहे’, ‘शक्यता आहे’ अशा शब्दांवर आजाराचा कोड लावता येत नाही, लक्षणाचाच लावावा लागतो. झटका चालू असताना कुणी सांधा पाहिला, किंवा रुग्णाने सुजलेल्या खांद्याचा तारखेसह फोटो काढून दाखवला, तर डॉक्टरांना निदान पक्कं करायला आधार मिळतो. मग नोंदीत आजाराचं नाव येतं आणि कोडर एम१२.३ पर्यंत पोचतो. तिथेही ‘उजवा’ हा एक शब्द राहून गेला, तर हाती एम१२.३१९ च उरतो.