केजन सिनेमाच्या आधीची गोष्ट

१९८६ मध्ये 'बेलिझेर द केजन' हा चित्रपट कान महोत्सवात दाखवला गेला. दिग्दर्शक ग्लेन पीत्र अमेरिकेतल्या लुइझियाना राज्याच्या दक्षिणेकडच्या कट ऑफ या गावचा. (रोमन लिपीत त्याचं आडनाव थेट आपल्या 'पित्रे' आडनावासारखंच दिसतं, नातं काही नाही.) घर कोळंबी धरणाऱ्यांचं. हार्वर्डला शिकतानाही उन्हाळ्यात कोळंबी धरून त्यानं शिक्षणाचा खर्च भागवला. पण त्याच्या चित्रपटाचं बियाणं त्याच्याही सव्वादोनशे वर्षं आधीचं आहे.

१७५५ पासून ब्रिटिशांनी आजच्या कॅनडातल्या नोव्हा स्कॉशियातल्या फ्रेंचभाषक अकेडियन लोकांना जहाजांत भरून देशोधडीला लावलं. त्यांतले काही १७६४-६५ च्या सुमारास लुइझियानात पोचले. १७८५ मध्ये फ्रान्समधून सात जहाजांनी आणखी सुमारे १,६०० जण आले. 'अकेडियन' शब्द बोलता बोलता झिजून 'केजन' झाला.

दलदलीच्या, बायूंच्या (म्हणजे संथ वाहणाऱ्या ओढ्यांच्या) त्या मुलखात कथाही मिसळल्या. फ्रेंच 'लू-गारू' म्हणजे माणसाचा झालेला लांडगा. इथे तो रूगारू झाला. ईस्टरआधीचे उपास सलग सात वर्षं मोडणाऱ्याचा रूगारू होतो, असं सांगत. त्याला बारापुढे मोजता येत नाही, म्हणून उंबऱ्यावर तेरा वस्तू मांडायच्या. उजाडेपर्यंत तो मोजतच बसतो. चतुर ससा लापँ ज्याला फसवतो त्या बावळट प्राण्याचं नाव बूकी. हा आफ्रिकेतल्या वोलोफ भाषेतला तरस! लुइझियानात तरस नाही, पण गुलाम म्हणून आणलेल्या माणसांबरोबर त्याचं नाव आलं आणि टिकलं.

आणि मग त्रेतर, म्हणजे प्रार्थना पुटपुटून दुखणं उतरवणारा गावचा माणूस. त्यानं पैसे मागायचे नाहीत, रुग्णानं आभारही मानायचे नाहीत. मानले तर गुण येत नाही.

हे सगळं तोंडी होतं, फ्रेंचमध्ये, आणि नेमकी तीच भाषा तोडली गेली. लुइझियानाच्या १९२१ च्या राज्यघटनेनं शाळांत इंग्रजी सक्तीची केली. फ्रेंच बोलणाऱ्या पोरांना शिक्षा होई. 'मी शाळेच्या आवारात फ्रेंच बोलणार नाही' हे वाक्य कित्येकांनी पानंच्या पानं लिहिलं आहे. १९४८ मध्ये माहितीपटकार रॉबर्ट फ्लाहर्टीनं स्टँडर्ड ऑइल या तेल कंपनीच्या पैशावर 'लुइझियाना स्टोरी' काढला. त्यातला केजन मुलगा भुताखेतांपासून बचावासाठी कमरेला मिठाची पुरचुंडी बांधतो. चित्रपट देखणा आहे, पण नजर पाहुण्याची आहे. फ्रेंचच्या जपणुकीसाठी सरकारी परिषद स्थापन व्हायला १९६८ उजाडलं.

पीत्र या वळणावरचा. त्याचे सुरुवातीचे चित्रपट अगदी थोड्या पैशांत आणि केजन फ्रेंचमध्ये बनले. 'गम्बो वेस्टर्न' (गम्बो म्हणजे तिथलं दाट कालवण) म्हणून ओळखले गेलेले हे चित्रपट बायूकाठच्या थिएटरांत तुफान चालले. 'बेलिझेर'साठी त्यानं १८५९ चा काळ घेतला: केजनांना हुसकावू पाहणाऱ्या सशस्त्र टोळ्या, आणि नायक कोण, तर एक त्रेतर. आर्मंड असांतेनं रंगवलेला हा बेलिझेर जिभेच्या आणि युक्तीच्या जोरावर तगून राहतो. मला त्याच्यात लापँ ससा दिसतो.

फक्त एक गोष्ट खटकत राहते. केजनांना कान महोत्सवापर्यंत नेणारा हा चित्रपट मुख्यतः इंग्रजीत आहे. त्याला संगीत देणाऱ्या मायकेल डूसेचं फिडल (व्हायोलिन) मात्र केजनच आहे.