रकम आणि रक्कम : घटस्फोटात दागिने वेगळे, पोटगी वेगळी

इंदुरात सराफ्यात किंवा पोलीस ठाण्यात 'रकम' म्हटलं की दागिने. आपल्या मराठी घरात रक्कम म्हणजे पैसे. हा घोटाळा नुसता बोलण्यात राहिला असता तर मी हे लिहायला बसले नसते. पण घटस्फोटाच्या बैठकीत तो थेट कागदावर उतरतो. मग कुणीतरी काका शहाणपणानं विचारतात, "पोटगी घेतेय ना, मग दागिने कशाला?" हा प्रश्न मी इतक्यांदा ऐकलाय की आता मला राग येण्याऐवजी झोप येते.

पोटगी काय ते तुम्हाला माहीत आहे. हिंदू विवाह कायदा, १९५५, कलम २५. दोघांची कमाई, मालमत्ता, वागणूक बघून न्यायालय आकडा ठरवतं, परिस्थिती बदलली तर तो कमीजास्त होतो, दुसरं लग्न केलं तर थांबू शकतो. (नवराही मागू शकतो, हे ऐकून दरवेळी कुणीतरी दचकतं.)

स्त्रीधनात ठरवण्यासारखं काही नसतंच. लग्नाआधी, लग्नात किंवा नंतर, माहेरून, सासरून, मामा-आत्याकडून तिला जे मिळालं ते तिचं. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याच्या कलम १४ नं तिची पूर्ण मालकी मानली. सर्वोच्च न्यायालयानं १९८५ साली प्रतिभा राणी खटल्यात सांगितलं की सासरी ठेवलेलं स्त्रीधन नवऱ्याच्या मालकीचं होत नाही; तो फक्त सांभाळणारा, आणि परत न देणं हा विश्वासघाताचा गुन्हा.

म्हणजे पोटगी हे नवऱ्याचं देणं, आणि पाटल्या ही तिचीच ठेव. प्रवासाला जाताना शेजारणीकडे पाटल्या ठेवल्या आणि आल्यावर ती म्हणाली, "मागच्या महिन्यात तुला पाच हजार दिले होते ना, आता पाटल्या राहू देत," तर आपण काय म्हणू? सासूबाईंच्या लॉकरमध्ये ठेवलेल्या पाटल्यांचंही तेच. ताबा त्यांचा असेल, मालकी नाही. अडचणीत नवऱ्यानं ते सोनं मोडलं तरी ते परत करायचंच असतं, हे २०२४ मध्ये न्यायालयानं पुन्हा बजावलं.

इंदूरकरांना तर हे वेगळं शिकवायला नको होतं. होळकरांकडे दौलत, म्हणजे राज्याचा पैसा, वेगळी आणि खासगी, म्हणजे राणीची स्वतःची मिळकत, वेगळी. १७३४ मध्ये मल्हाररावांच्या पत्नी गौतमाबाईंच्या नावे खासगी जहागीर झाली, आणि अहिल्याबाईंनी देशभर घाट नि देवळं उभारली ती त्या खासगीतून. दौलतीच्या तिजोरीत तिची सरमिसळ नव्हती. आणि आपण आज राजवाड्यापासून चार पावलांवर बसून एका मुलीचे तोडे पोटगीत वळते करतो.

खरी गफलत होते ती या वाक्यात : "पोटगी, स्त्रीधन व इतर सर्व हक्कांपोटी एकरकमी अमुक लाख." सहमतीच्या घटस्फोटाच्या मसुद्यात हे वाक्य सवयीनं पडतं, आणि मुलगी कधी एकदा सुटतेय म्हणून सही करते. सगळं मिटलं असं लिहून दिल्यावर दागिन्यांसाठी पुन्हा दार ठोठावणं फार कठीण. दुसरं, आकडा दागिन्यांच्या जुन्या पावत्यांवर धरलेला असतो. पंधरा वर्षांपूर्वीच्या भावानं सोनं परत घेणारा माणूस मला सराफ्यात दाखवा.

म्हणून माझा हट्ट : दोन परिच्छेद, दोन हिशेब. दागिन्यांच्या परिच्छेदात रुपये नकोतच. नग, वजन, कॅरेट लिहा. वजनही ग्रॅममध्ये. आजी ११.६६ ग्रॅमचा तोळा मोजते, सराफ १० ग्रॅमचा. वीस तोळ्यांत तेहेतीस ग्रॅमचा फरक पडतो, म्हणजे एक चांगली बांगडी.

सासरचा जुना चपलाहार मात्र खरोखर वादाचा. तो देऊन टाकला होता की मांडवात घालायला दिला होता? फोटोवरून फक्त एवढंच कळतं की तो तिच्या गळ्यात होता. तेव्हा ओटीत घालताना कोण काय म्हणालं, पुढे तो कोणाकडे राहिला, पॉलिश कोणी करून आणलं, हे बघावं लागतं. लग्नात दोघांनी सही केलेली भेटींची यादी असेल तर निम्मं भांडण तिथेच संपतं; १९८५ चे नियम ती यादी ठेवायलाच सांगतात, आणि आपण आहेराच्या वहीत फक्त पाकिटं लिहितो.

दोघांना मिळून आलेल्या वस्तू, मिक्सर, फ्रिज, डिनर सेट, हिंदू विवाह कायद्याच्या कलम २७ खाली वाटता येतात. त्यावर एक तारीखसुद्धा घालवू नका.

मुलीच्या वडिलांनाही एक : दागिने तुम्ही घडवले असतील, मागण्याचा हक्क तिचा. तिनं अधिकार दिल्याशिवाय बाप ते मागू शकत नाही, असा निकाल ऑगस्ट २०२४ मध्ये झालाय.

आणि परत देत नसतील तर? फौजदारी हा शेवटचा रस्ता ठेवा. आधी लेखी यादी पाठवा, मग २००५ च्या घरगुती हिंसाचार कायद्याखाली दंडाधिकाऱ्यांकडे जा. कलम १९ मध्ये स्त्रीधन परत करायचा आदेश मिळतो. तोवर मसुदा हिंदीत असेल तर तेवढं बघा की जिथे जिथे 'रकम' लिहिलंय, तिथे ती गळ्यातली आहे की बँकेतली.