आधी येते ती भीती

बडोद्याच्या दांडिया बाजारात माझ्या मामाचं घर आहे. त्याच्या तीन लाकडी खिडक्या रस्त्याकडे उघडतात. गणपतीच्या मिरवणुका सुरसागर तलावाकडे निघाल्या की आम्ही सगळी भाचरं त्याच खिडक्यांत लोंबकळायचो. दादा, म्हणजे माझा मामेभाऊ, बावीस वर्षांचा असताना त्या खिडक्या भरदिवसा लावून घ्यायला लागला. रात्री उठून कडी चाचपायचा. विचारलं तर म्हणायचा, "काहीतरी होणार आहे." काय होणार, ते त्यालाही सांगता येत नव्हतं. परीक्षेचं टेन्शन असेल, असं घरात ठरलं. रस्त्यावरची माणसं आपल्याबद्दलच बोलतात, असं तो सांगायला लागला ते त्यानंतर सात-आठ महिन्यांनी.

स्किझोफ्रेनिया म्हटलं की आपल्याला भास आणि भ्रम आठवतात. (एका माणसात दोन माणसं असणं म्हणजे स्किझोफ्रेनिया नव्हे, हा गैरसमज अजून जात नाही.) पण भास होण्याआधी पुष्कळांच्या वाट्याला नुसती भीतीच येते. क्लाउस कॉनराड या जर्मन मनोविकारतज्ज्ञाने १९५८ साली या पहिल्या टप्प्याला 'ट्रेमा' असं नाव दिलं. हा शब्द त्याने नटांच्या बोलीतून उचलला. रंगमंचावर पाऊल टाकण्याआधी पोटात जो गोळा उठतो, तो ट्रेमा. फरक इतकाच की नटाला आपलं नाटक ठाऊक असतं. इथे प्रवेशाची वेळ झालीय एवढंच कळतं, नाटक कुठलं ते कळत नाही.

असं का होत असावं? मेंदूतलं डोपामीन हे रसायन इतर कामांबरोबर एक खूण करण्याचं काम करतं: इकडे बघ, हे महत्त्वाचं आहे. मनोविकारतज्ज्ञ शितिज कपूर यांनी २००३ मध्ये मांडलं की मनोविकृतीत, म्हणजे भास-भ्रमांच्या अवस्थेत, ही खूण भलत्याच ठिकाणी उमटत राहते. पाल चुकचुकली, खाली रिक्षाने हॉर्न दिला, शेजारच्या काकू हसल्या. एरवी आपण ज्याकडे ढुंकूनही पाहणार नाही, ते सगळं आपल्यालाच उद्देशून आहे असं वाटू लागतं. दिवसरात्र असं वाटत राहिलं तर कुणीही घाबरेल. मग मन उत्तर शोधतं, आणि 'माझ्यावर पाळत आहे' हे उत्तर सापडलं की आतापर्यंतच्या साऱ्या खुणा एका माळेत ओवल्या जातात. भ्रम म्हणजे त्या माणसाने आपल्या भीतीचं लावलेलं स्पष्टीकरण. दादाच्या आजाराकडे मी असं पाहायला शिकले तेव्हा त्याच्याशी वाद घालणं माझं आपोआप थांबलं.

हे वाचून ज्यांना मुळातच चिंतेचा त्रास आहे, त्यांनी धसका घेऊ नये. चिंतेचे विकार फार लोकांना होतात. स्किझोफ्रेनिया जागतिक आरोग्य संघटनेच्या हिशोबाने सुमारे ३०० जणांत एकाला. चिंता करणाऱ्यांपैकी बहुतेकांना तो कधीच होत नाही. चिंतेने ग्रासलेला माणूस म्हणतो, "असं झालं तर?" भ्रमात सापडलेला म्हणतो, "असंच आहे."

पण आजार झाल्यावरही चिंता सोबत राहते, आणि तिच्याकडे बघायला सगळ्यांनीच उशीर केला. अमेरिकेच्या १९८० च्या निदानपुस्तिकेचा रोख असा होता की मोठा आजार सापडला की चिंता त्याच्याच पोटात धरायची, तिचं वेगळं निदान करायचं नाही. १९८७ च्या सुधारित आवृत्तीत हे बंधन बरंचसं सैल झालं, तेव्हा कुठे मोजणी सुरू झाली. २०११ मध्ये अनेक अभ्यास एकत्र तपासले गेले. त्यात स्किझोफ्रेनिया असलेल्या दर १०० जणांमागे साधारण १५ जणांना लोकांत मिसळण्याची तीव्र भीती, १२ जणांना मंत्रचळ (नको ते विचार आणि त्याच त्या कृती पुन्हापुन्हा होणं) आणि १० जणांना पॅनिकचा, म्हणजे अचानक येणाऱ्या भीतीच्या झटक्यांचा, विकार आढळला.

त्यातली लोकांची भीती मला सगळ्यांत जास्त टोचते. लग्नकार्यात दादा आला नाही की, "त्याला आता कुणाची ओढच राहिली नाही," असं आम्ही म्हणायचो. आजारात ओढ आटते हे खरंच. पण पुढे कधीतरी त्यानेच सांगितलं, "मला यायचं असतं गं. सगळे मला वेडा समजून बघतात, त्याची धास्ती वाटते." ओढ नसणं आणि धास्ती वाटणं बाहेरून सारखंच दिसतं, उपाय मात्र वेगळे. आणि आम्ही कुणी त्याला विचारलंच नव्हतं.

ऑक्सफर्डच्या डॅनिएल फ्रीमन यांच्या गटाने २०१५ मध्ये हाच धागा पकडला. 'लोक माझ्या वाईटावर आहेत' असा भ्रम असलेले १५० रुग्ण त्यांनी घेतले. नेहमीचे उपचार चालूच होते; निम्म्यांना जोडीला सहा बैठका दिल्या. त्या बैठकांत भ्रम खरा की खोटा यावर खल नव्हता. चिंतेचं चक्र कसं फिरतं ते समजून घ्यायचं, तिच्यासाठी दिवसातली एक वेळ राखून ठेवायची, बाकी वेळ हातातल्या कामाला द्यायचा, अशी साधी रीत होती. चिंता कमी झाली, आणि तिच्याबरोबर भ्रमाचा जोरही उतरला. चिंता जशी भ्रमाला पोसते, तशी बंद खिडकी भीतीला. ती लावली की त्या घटकेपुरतं बरं वाटतं, पण उघडी ठेवूनही काही घडलं नसतं, हे कळायची संधी जाते.

एक गोष्ट मात्र चिंतेसारखी दिसते आणि चिंता नसते. मनोविकृतीवरच्या काही औषधांनी अकाथिसिया होतो: आतून विलक्षण तगमग, पाय एका जागी ठरत नाहीत, बसवत नाही. आजार वाढला असं समजून औषध वाढवलं तर हाल आणखी वाढतात. डोस कमी करून, औषध बदलून किंवा प्रोप्रॅनोलॉलसारखी गोळी देऊन डॉक्टर त्यावर इलाज करू शकतात. घरच्यांनी मनानेच औषध बंद करायचं नाही.

दादाच्या बाबतीत हे मामीमुळे कळलं. स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर दुधाचा हिशोब लिहायची तिची जुनी सवय. त्याच चौकटींत ती बारीक अक्षरात लिहीत गेली: 'गोळी वाढवली', 'झोप बरी', 'जेवताना तीनदा उठला', 'रात्रभर येरझाऱ्या'. पुढच्या खेपेला तिने कॅलेंडरचं ते पानच काढून पिशवीत घातलं. डॉक्टरांनी ते टेबलावर पसरलं, गोळी वाढवल्याच्या तारखेवर बोट ठेवलं आणि पुढच्या चौकटी मोजल्या. चौथ्या दिवशी येरझाऱ्या सुरू झाल्या होत्या. मग ते दादाकडे वळले. "भीती वाटते म्हणून चालता, की पायच बसू देत नाहीत?"

"पाय," दादा म्हणाला.