आत नेणारी सही: सक्तीनं मनोरुग्णालयात दाखल करण्याची पार्श्वभूमी

पुण्यात कुणी जरा वेगळं वागलं की लोक म्हणतात, "याला येरवड्याला पाठवा." मुंबईकर ठाण्याचं नाव घेतो, कोकणातला माणूस रत्नागिरीचं, विदर्भातला नागपूरचं. राज्याची चार जुनी प्रादेशिक मनोरुग्णालयं या चार ठिकाणी आहेत आणि चारही नावं मराठीत टोमण्यासारखी रुळली आहेत. त्या वाक्यातला "पाठवा" हा शब्द मला फार वर्षं खटकत आला आहे. पाठवणारा कोण, कुणाच्या सहीनं, आणि परत आणायचं कुणी? आपल्याकडच्या मानसिक आरोग्य कायद्याचा सगळा प्रवास या प्रश्नांभोवतीच झालेला आहे.

सुरुवात १८५८ची. कंपनीचं राज्य संपून राणीचं राज्य आलं, त्याच वर्षी या विषयावर तीन कायदे झाले: ३४, ३५ आणि ३६ क्रमांकाचे. पहिले दोन मुख्यतः वेड लागलेल्या माणसाच्या मिळकतीचं काय करायचं, याबद्दलचे. माणसाला कुठं ठेवायचं ते सांगणारा तिसरा. या तिसऱ्या कायद्यानं पोलीस दारोग्यावर एक कर्तव्य टाकलं. हद्दीत भटकताना दिसणारा, "वेडा" वाटणारा किंवा वेडामुळे धोकादायक मानला जाणारा माणूस पकडायचा आणि मॅजिस्ट्रेटपुढे उभा करायचा. डॉक्टरचा दाखला मिळाला की मॅजिस्ट्रेटचा हुकूम, आणि हुकूम झाला की असायलम, म्हणजे वेड्यांचं इस्पितळ. उपचार हा यातला मुख्य मुद्दा नव्हताच. रस्ता मोकळा आणि सुरक्षित ठेवणं हा होता. सुटकेची वाटही याच कायद्यानं ठरवली. नातेवाइकानं येऊन, याची नीट काळजी घेऊ, कुणाला इजा होऊ देणार नाही, असं लिहून दिलं तर माणूस घरी जाऊ शकत होता. हे कलम लक्षात ठेवण्यासारखं आहे, कारण पुढची दीडशे वर्षं बाहेरचं दार व्यवहारात नातेवाइकाच्याच सहीला बांधलेलं राहिलं.

नागपूरचं इस्पितळ १८६४चं, रत्नागिरीचं १८८६चं. ठाण्याचं १९०१ साली शेठ नरोत्तमदास माधवदास यांच्या देणगीतून उभं राहिलं. मुंबईत कुलाब्याला जे असायलम होतं, तिथले रुग्ण विसाव्या शतकाच्या सुरुवातीला येरवड्याला हलवले गेले. येरवड्याला आज अडीच हजारांहून जास्त मंजूर खाटा आहेत. शेजारीच तुरुंग. दोन्हीकडे उंच भिंती, त्यामुळे परगावच्या माणसाला "येरवडा" म्हटल्यावर नेमकं कुठलं ते विचारावं लागतं.

१९१२च्या भारतीय ल्युनसी अॅक्टनं, म्हणजे वेडाविषयीच्या कायद्यानं, तीन कायद्यांचा एक केला. त्यातली व्याख्या आजही वाचवत नाही: ल्युनॅटिक म्हणजे इडियट किंवा अस्थिर चित्ताची व्यक्ती. तरी या कायद्यानंतर इस्पितळं तुरुंगखात्याच्या देखरेखीतून सुटून सिव्हिल सर्जनच्या हाताखाली आली, आणि १९२०च्या दशकात पाट्यांवरचं "असायलम" जाऊन तिथं "मेंटल हॉस्पिटल" आलं. मॅजिस्ट्रेटच्या हुकुमाला नाव पडलं रिसेप्शन ऑर्डर. मनोरुग्णालयांच्या जुन्या कर्मचाऱ्यांच्या बोलण्यात हा शब्द अजून आहे. "हा ऑर्डरवर आलेला पेशंट" असं म्हटलं की ऐकणाऱ्याला बाकीचं कळतं.

इंडियन सायकिअॅट्रिक सोसायटी या मनोविकारतज्ज्ञांच्या संघटनेनं नव्या कायद्याचा मसुदा १९५० सालीच सरकारला दिला होता. संसदेनं कायदा केला १९८७ साली आणि तो लागू झाला १ एप्रिल १९९३ला. म्हणजे प्रजासत्ताक भारतानं साहेबाचा ल्युनसी अॅक्ट चाळीसहून अधिक वर्षं तसाच चालवला. याच काळात कुटुंबाला आणि पोलिसांना नकोशी झालेली माणसं "सुरक्षित ताबा" या नावाखाली थेट तुरुंगात जात राहिली. कुठलाही गुन्हा नाही, आरोप नाही, आणि कोठडीत वर्षानुवर्षं. पत्रकार शीला बर्से यांच्या याचिकेवर १९९३च्या ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयानं, गुन्हा नसलेल्या मनोरुग्णाला तुरुंगात ठेवणं बेकायदा आणि घटनाबाह्य आहे, असा निकाल दिला. इतकी उघड गोष्ट सांगायलाही १९९३ उजाडावं लागलं.

१९८७च्या कायद्यानं भाषा बदलली. ल्युनॅटिक गेला, "मानसिक आजारी व्यक्ती" आली. स्वतःहून दाखल होण्याची सोय ठळक झाली आणि खासगी रुग्णालयांना परवाना लागू झाला. पण १९व्या कलमानं एक वाट अशी उघडली की नातेवाइकानं किंवा मित्रानं अर्ज करावा, दोन डॉक्टरांचे दाखले जोडावेत, आणि माणूस नव्वद दिवसांपर्यंत आत. मॅजिस्ट्रेटचीही गरज नाही. थकलेल्या कुटुंबांना ही सोय खरोखर हवी होती, हे मी मनापासून मान्य करते. औषध नाकारणाऱ्या, रात्र रात्र जागणाऱ्या, अंगावर धावून येणाऱ्या मुलाला एकटीनं सांभाळणारी आई मी जवळून पाहिली आहे. तिला कायद्याची कलमं नको असतात, त्या रात्री कुणीतरी दाराशी यायला हवं असतं. पण तीच सही नको झालेल्या बायकोसाठीही चालत होती. हिंदू विवाह कायद्यात मानसिक आजार हे घटस्फोटाचं कारण आहे, आणि दाखल केल्याचा कागद नवऱ्याच्या वकिलाच्या हाती पुरावा म्हणून पोचत होता.

एका मनोरुग्णालयाच्या स्त्रियांच्या विभागात मी काही महिने जात होते. तिथल्या एका बाईंच्या फाइलवर "डिस्चार्जसाठी फिट" हा शेरा सात वर्षांपूर्वीचा होता. त्याखाली दरवर्षी एकच ओळ, वेगवेगळ्या अक्षरात: पत्र पाठवले, नातेवाईक आले नाहीत. बाईंना गाव, तालुका, एसटी कुठं बदलायची, सगळं तोंडपाठ. पत्ता त्यांनी मला चार वेळा सांगितला आणि चारही वेळा तो फाइलमधल्या पत्त्याशी जुळला. त्यांना एकटीला एसटीत बसवून द्यायला कुणीच तयार नव्हतं, कारण फाइलमध्ये नेणाऱ्याच्या सहीची जागा रिकामी होती.

मग ६ ऑगस्ट २००१. तमिळनाडूत रामनाथपुरम जिल्ह्यात एरवाडी इथं दर्ग्याच्या परिसरात मनोरुग्णांना ठेवण्याच्या झोपड्या होत्या. पहाटे त्यातल्या एका छपराला आग लागली. माणसं साखळदंडानं बांधलेली होती, पळता आलं नाही. २८ जणांचा जीव गेला. परवाना सक्तीचा करणारा कायदा तेव्हा आठ वर्षं लागू होता. सर्वोच्च न्यायालयानं आपणहून दखल घेतली, राज्यांकडून अहवाल मागवले, आणि बांधून ठेवणं हा प्रश्न पहिल्यांदा देशभर बोलला गेला.

२००७ साली भारतानं अपंग व्यक्तींच्या हक्कांचा आंतरराष्ट्रीय करार मान्य केला आणि जुना कायदा त्यात बसेना. नव्या कायद्याच्या मसुद्यावर पुण्याच्या इंडियन लॉ सोसायटीत मोठं काम झालं, डॉ. सौमित्र पठारे आणि डॉ. जया सागडे यांचा त्यात मोठा वाटा होता. तो मानसिक आरोग्यसेवा कायदा २०१७ साली मंजूर झाला आणि २०१८ मध्ये लागू झाला.

त्याचं ८९वं कलम सावकाश वाचायला हवं. इच्छेविरुद्ध दाखल करायचं तर दोघांनी वेगवेगळं तपासायचं, त्यातला एक मनोविकारतज्ज्ञ. माणसानं नुकताच स्वतःला इजा करण्याचा प्रयत्न केलेला असावा किंवा तशी धमकी दिलेली असावी, किंवा तो दुसऱ्याशी हिंसक वागत असावा, किंवा स्वतःची काळजी घेणं त्याला इतकं जमत नसावं की त्यातून त्याला इजा होण्याचा धोका आहे. मुदत तीस दिवस. स्त्री किंवा अल्पवयीन रुग्ण असेल तर तीन दिवसांत, इतरांबाबत सात दिवसांत मानसिक आरोग्य पुनर्विलोकन मंडळाला, म्हणजे दाखल रुग्णांच्या हक्कांवर देखरेख ठेवणाऱ्या मंडळाला, कळवायचं. पुढे ठेवायचं तर ९०व्या कलमाखाली मंडळाची परवानगी. आजारी पडण्याआधीच, मला कसे उपचार हवेत आणि कसे नकोत, हे लिहून ठेवता येतं. आपल्या वतीनं बोलणारा प्रतिनिधी माणूस स्वतः नेमू शकतो, तो रक्ताचाच असला पाहिजे असं नाही. साखळीनं बांधायला पूर्ण बंदी. भूल दिल्याशिवाय शॉक देता येत नाही. १८५८पासून पहिल्यांदाच, ज्याला आत नेलं जातं त्याच्या स्वतःच्या सहीला या कायद्यानं किंमत दिली.

आक्षेपही झाले. मंडळाच्या कागदपत्रांत उपचाराचे दिवस जातील असं अनेक मनोविकारतज्ज्ञांना वाटलं. पोलीस येत नाहीत, रुग्ण तयार नाही म्हणून रुग्णालय घेत नाही, मग आम्ही काय करायचं, असं कुटुंबं विचारत राहिली. हा प्रश्न रास्त आहे. कायदा पुढे गेला, पण घरी येऊन तपासणारी यंत्रणा उभी राहिली नाही. महाराष्ट्रात मंडळंही वेळेवर नीट चालली नाहीत. मनोविकारतज्ज्ञ डॉ. हरीश शेट्टी यांच्या जनहित याचिकेत मुंबई उच्च न्यायालयाला राज्याच्या मानसिक आरोग्य प्राधिकरणाच्या कामाचा हिशेब मागावा लागला, आणि बरे होऊनही वर्षानुवर्षं आत राहिलेल्या रुग्णांचा प्रश्न तिथं पुन्हा समोर आला.

घर नाही किंवा घरचे नेत नाहीत एवढ्याच कारणानं कुणाला मनोरुग्णालयात ठेवता येणार नाही, असं नव्या कायद्याचं १९वं कलम सांगतं. त्यासाठी सरकारनं हाफवे होम, ग्रुप होम, म्हणजे रुग्णालयाबाहेर आधारानं राहण्याची घरं, उभारायची आहेत. महाराष्ट्रात झालं ते असं, की बऱ्या झालेल्या काही रुग्णांना भिक्षेकरीगृहात आणि वृद्धाश्रमात हलवलं जाऊ लागलं. २०१९च्या जुलैमध्ये सर्वोच्च न्यायालयानं राज्याला हे थांबवायला सांगितलं. भिक्षेकरीगृहं १९५९च्या मुंबई भिक्षा प्रतिबंधक कायद्याखाली चालतात. तिथंही रस्त्यावर दिसलेल्या माणसाला पोलीस उचलतात, मॅजिस्ट्रेटपुढे उभा करतात आणि हुकूम झाला की दार बंद होतं.