पहिला दगड आणि शंभरावा माणूस

२३ जुलै १९६७, रविवारची पहाट. अमेरिकेतल्या डेट्रॉइट शहरात, बाराव्या रस्त्यावरच्या एका बिनपरवाना गुत्त्यावर पोलिसांनी छापा घातला. आत मोजकीच माणसं असतील असा अंदाज होता; निघाली ८२. व्हिएतनामहून परतलेल्या दोन सैनिकांसाठी पार्टी चालली होती. सगळ्यांनाच अटक झाली, पण न्यायला गाड्या अपुऱ्या. फेऱ्या होईपर्यंत तासभर गेला, बाहेर गर्दी जमली, कुणीतरी बाटली भिरकावली. दंगल पेटली. पाच दिवसांत ४३ जण मेले, त्यांतले ३३ कृष्णवर्णीय.

असे छापे तिथं नवे नव्हते. मग त्याच रात्री का? समाजशास्त्रज्ञ मार्क ग्रॅनोव्हेटर यांनी १९७८ मध्ये अशा प्रश्नांसाठी एक गणित मांडलं. चौकात शंभर माणसं उभी आहेत. प्रत्येकाचा एक उंबरठा आहे: किती जण उतरले की मीही उतरेन? पहिल्याचा शून्य, दुसऱ्याचा एक, तिसऱ्याचा दोन, असं करत शेवटच्याचा ९९. पहिल्यानं दगड उचलला की दुसरा, मग तिसरा, आणि बघता बघता शंभरच्या शंभर. आता फक्त दुसऱ्याचा उंबरठा एकाऐवजी दोन करा. पहिला एकटाच दगड मारतो, बाकीचे ९९ बघत राहतात. एका चौकातला जमाव पिसाळलेला ठरतो, दुसऱ्यातला एकटा माणूस माथेफिरू. माणसं मात्र जवळपास तीच!

हे उंबरठे मुळात खाली कशानं येतात, ते गणित सांगत नाही. ते अशा दंगलींची कारणं शोधायला अमेरिकी सरकारनं नेमलेल्या केर्नर आयोगाच्या १९६८ च्या अहवालात सापडतं. लोकांच्या सर्वांत तीव्र तक्रारी तीन: पोलिसांची वागणूक, बेकारी आणि घरं. डेट्रॉइटमध्ये महामार्गासाठी जुनी कृष्णवर्णीय वस्ती पाडली गेली होती. उठवलेल्यांपैकी कित्येक जण बाराव्या रस्त्याच्या आसपास दाटीवाटीनं राहायला आले होते. पोलीस दल बहुतांशी गोरं. आणि दंगेखोर म्हणजे बाहेरून आलेले उपरे, हा लाडका समजही आयोगानं खोडला: ते बहुधा त्याच शहरात वाढलेले, घरी बसलेल्यांपेक्षा किंचित जास्त शिकलेले तरुण होते.

परिणाम मात्र घरी बसलेल्यांनाही चुकले नाहीत. अर्थतज्ज्ञ विल्यम कॉलिन्स आणि रॉबर्ट मार्गो यांनी जनगणनेचे आकडे तपासले. ज्या शहरांत मोठ्या दंगली झाल्या, तिथं १९६० ते १९७० दरम्यान कृष्णवर्णीयांच्या मालकीच्या घरांच्या किमती इतर शहरांच्या तुलनेत घसरल्या आणि पुढच्या दशकातही फारशा सावरल्या नाहीत. ज्याचा उंबरठा ९९ होता, त्याच्याही घराच्या.