लोकस सेरुलियस: मेंदूतली ती "निळी जागा" म्हणजे नेमकं काय

"मेंदूत एक निळा डाग असतो म्हणे, तो असणं धोक्याचं असतं का?" असं मला मध्यंतरी एका मैत्रिणीने विचारलं. तिने कुठेतरी अर्धवट वाचलं होतं आणि डाग हा शब्द बघूनच तिच्या पोटात गोळा आला होता. मी म्हटलं, अगं तो डाग प्रत्येकाला असतो, तुलाही आहे मलाही आहे, आणि काळजी करायची तर तो असण्याची नाही, तो फिका पडण्याची करायची. मग तिला समजावता समजावता लक्षात आलं की या एका नावात इतक्या गोष्टी दडल्यात आणि त्याबद्दल इतके गैरसमज आहेत की नीट बसून लिहिलंच पाहिजे.

नाव आहे लोकस सेरुलियस. लॅटिन भाषेतलं. लोकस म्हणजे जागा, आणि सेरुलियस म्हणजे आकाशासारखा, समुद्रासारखा गडद निळा. झालं, निळी जागा. यापेक्षा जास्त अर्थ त्या नावात नाहीच, आणि माझ्या मते हीच त्या नावाची सगळ्यात चांगली गोष्ट आहे, ते का हे पुढे येईलच.

आधी ही जागा आहे कुठे ते बघू. मेंदूचा जो देठासारखा भाग मेरुरज्जूला जोडलेला असतो त्याला ब्रेनस्टेम म्हणतात, मराठीत मस्तिष्कस्तंभ. त्याचे वरून खाली तीन भाग, मिडब्रेन, पॉन्स आणि मेड्युला. पॉन्स म्हणजे पूल, मधला फुगीर भाग. त्याच्या मागे लहान मेंदू असतो आणि त्या दोघांच्या मधे एक पोकळी असते पाण्यासारख्या द्रवाने भरलेली, तिला चौथं व्हेंट्रिकल म्हणतात. या पोकळीचा जो तळ आहे त्याच्या वरच्या अंगाला, मधल्या रेषेच्या दोन्ही बाजूंना, अगदी पृष्ठभागालगत ही निळी जागा असते. म्हणजे एक नाही, दोन. एक डावीकडे एक उजवीकडे.

मी ती पहिल्यांदा बघितली ती डिसेक्शन हॉलमधे. सरांनी लहान मेंदू अलगद काढून बाजूला ठेवला, खाली शंकरपाळ्याच्या आकाराचा तो तळ उघडा पडला, आणि चिमट्याच्या टोकाने त्यांनी वरचा कोपरा दाखवला. फॉर्मलिनमधे राहून सगळा मेंदू फिकट पिवळसर करडा झालेला असतो, त्यात तो कोपरा थोडासा पाटीच्या रंगाचा, राखाडी निळसर दिसत होता. खरं सांगायचं तर दाखवल्याशिवाय दिसलाच नसता. मग त्यांनी पॉन्सचा आडवा काप घेतला आणि तिथे मात्र दोन काळपट ठिपके स्पष्ट दिसले, टोक गेलेल्या पेन्सिलीने टेकवावेत तसे. मी विचारलं की सर हे तर काळं आहे, निळं कुठंय? सर म्हणाले वरून बघ निळं, कापून बघ काळं. तेव्हा मला वाटलं सर टाळतायत, पण उत्तर शंभर टक्के बरोबर होतं.

कारण तिथे निळा रंग असा नसतोच. तिथल्या चेतापेशींमधे न्यूरोमेलॅनिन नावाचं गडद तपकिरी काळं रंगद्रव्य साठत जातं. ते आहे पृष्ठभागाच्या जरासं खाली आणि त्याच्यावर अर्धपारदर्शक पांढुरका थर. प्रकाश त्या थरात शिरला की निळ्या रंगाचा भाग जास्त विखुरतो आणि परत आपल्या डोळ्यांपर्यंत येतो, बाकीचे रंग खाली जातात आणि काळ्यात शोषले जातात. म्हणून वरून निळं. बऱ्याच नवजात बाळांच्या पाठीवर, कमरेखाली निळसर डाग असतात ना, त्यांचंही हेच, रंगद्रव्य तपकिरीच पण कातडीत खोल आहे म्हणून निळं दिसतं. म्हणजे निळी जागा हे नाव वरून बघणाऱ्याने दिलेलं नाव आहे.

आणि खरंच तसंच झालं. अठराव्या शतकाच्या शेवटी फ्रान्समधे फेलिक्स विक दाझीर नावाचे शरीररचनातज्ज्ञ होते, राणी मारी आंत्वानेतचे डॉक्टर, त्यांच्या वर्णनात या भागाचा उल्लेख सापडतो. मग 1809 मधे जर्मनीत योहान राइल यांनी त्याबद्दल लिहिलं, आणि 1812 मधे योसेफ आणि कार्ल वेन्झेल या भावांनी त्याला हे लॅटिन नाव दिलं. तेव्हा चेतापेशी म्हणजे काय हेच कुणाला धड माहीत नव्हतं, काम काय वगैरे तर लांबच. दिसलं निळं, म्हटलं निळं. मेंदूत अशी रंगावरची नावं अजून आहेत, सब्स्टॅन्शिया नायग्रा म्हणजे काळा पदार्थ, न्यूक्लियस रूबर म्हणजे लाल केंद्रक. या जागेलाही एक जुनं दुसरं नाव होतं, न्यूक्लियस पिगमेंटोसस पॉन्टिस, पॉन्समधलं रंगीत केंद्रक. ते जास्त अचूक होतं बहुतेक, पण टिकलं नाही, टिकली निळी जागाच.

आता स्पेलिंगची गंमत. हा गोंधळ रोमन लिपीतला आहे पण शोधाशोध करणाऱ्या प्रत्येकाला नडतो. सेरुलियसच्या स्पेलिंगमधे सी नंतर काय, ए ई, का ओ ई, का नुसतंच ई? जुन्या अभिजात लॅटिनमधे ए ई होतं, आणि त्या शब्दाचं नातं आकाश या अर्थाच्या शब्दाशी लावतात त्याचंही स्पेलिंग ए ई चंच. पुढे मध्ययुगात हस्तलिखितं उतरवताना ए ई आणि ओ ई ची सरमिसळ झाली आणि ओ ई वालं रूप रुळलं. 1998 साली शरीररचनेच्या नावांची जी आंतरराष्ट्रीय यादी आली, टर्मिनॉलॉजिया अ‍ॅनाटॉमिका, तिच्यात परत ए ई घेतलंय. पण संशोधनाच्या पेपरांमधे आजही ओ ई च जास्त दिसतं, आणि काही अमेरिकन पुस्तकांत फक्त ई. तिन्हीचा अर्थ एकच, त्यामुळे कुणी चुकीचं लिहिलं म्हणून नाक मुरडण्यात अर्थ नाही, फक्त काही शोधायचं असेल तर तिन्ही टाकून बघा नाहीतर अर्धी माहिती हातातून जाईल. उच्चार आपल्याकडे इंग्रजी वळणाचा सेरुलियस असाच करतात, देवनागरीत लिहिणाऱ्याची या भांडणातून आपोआप सुटका होते. शिवाय दोन असल्या तरी बोलताना सगळे एकवचनातच बोलतात, आणि सरळ एलसी म्हणून मोकळे होतात.

पण वापरातली खरी चूक स्पेलिंगची नाहीये. खरी चूक आहे ती लोकस या शब्दाचं भाषांतर "केंद्र" असं करण्यात. तणावाचं केंद्र, भीतीचं केंद्र, मेंदूचा अलार्म, अशी लेबलं मी इतक्या ठिकाणी वाचलीत की आता वाचताना त्रास होतो. लोकस म्हणजे जागा. फक्त जागा. तिथे काय चालतं याचा दावा ते नाव करतच नाही, आणि म्हणूनच दोनशे वर्षांत एवढे शोध लागूनही ते नाव खोटं ठरलं नाही. भीतीचं केंद्र असं नाव कुणी 1812 मधे दिलं असतं तर आज आपण ते खोडत बसलो असतो.

काम कळायला दीडशे वर्षं गेली. 1946 मधे स्वीडनचे उल्फ फॉन ऑयलर यांनी शरीरातल्या काही चेतातंतूंचा रासायनिक निरोप्या नॉरअ‍ॅड्रेनलिन आहे हे ओळखलं, पुढे 1970 मधे नोबेलमधे त्यांचाही वाटा होता. मग मेंदूचे पातळ काप फॉर्मल्डिहाइडच्या वाफेत ठेवून खास प्रकाशात बघायची पद्धत आली, तिच्यात अशी रसायनं असलेल्या पेशी चमकतात. 1964 मधे अनिका डालस्ट्रॉम आणि शेल फुक्से या दोघांनी उंदरांच्या ब्रेनस्टेममधल्या चमकणाऱ्या पेशींच्या गटांना ए 1, ए 2 असे नंबर दिले, त्यातला ए 6 म्हणजे आपली निळी जागा. त्यामुळे कुठे ए 6 वाचलंत तर गोंधळू नका, साधारण तीच ती. फरक इतकाच की लोकस सेरुलियस हे डोळ्यांना दिसलेल्या जागेचं नाव आहे आणि ए 6 हे रसायनावरून ओळखलेल्या पेशींचं.

आणि यात एक गोष्ट मला फार आवडते. उंदराच्या मेंदूत ही जागा निळी नसते. त्याच्या पेशींत डोळ्यांना दिसेल इतकं न्यूरोमेलॅनिन साठतच नाही. तरी उंदरावरच्या हजारो पेपरांत तिला निळी जागाच म्हणतात. आपल्यातही अगदी तान्ह्या बाळाच्या मेंदूत ती निळी दिसत नाही, रंग वयाबरोबर भरत जातो, साधारण साठीपर्यंत वाढतो आणि मग उतरू लागतो.

आकाराने किती, तर प्रत्येक बाजूला उभी, साधारण दीड सेंटीमीटर लांबीची बारीक काडी. दोन्हीकडच्या मिळून रंगीत पेशी 50 हजारांच्या आसपास, काही मोजणींत त्याहूनही बऱ्याच कमी. आख्ख्या मेंदूत चेतापेशी सुमारे 8,600 कोटी, त्यापुढे हे म्हणजे काहीच नाही. पण या मूठभर पेशींचे तंतू कुठे कुठे जातात बघा, मेंदूच्या बाहेरच्या सुरकुत्या पडलेल्या थरात, आठवणींशी संबंधित हिप्पोकॅम्पसमधे, संवेदनांचे निरोप पुढे पाठवणाऱ्या थॅलॅमसमधे, लहान मेंदूत आणि खाली मेरुरज्जूपर्यंत. एकेका पेशीचा तंतू फाटे फोडत फोडत लांबवर पसरतो आणि वाटेत ठिकठिकाणी नॉरअ‍ॅड्रेनलिन सोडत जातो. मोठ्या मेंदूला मिळणारं जवळपास सगळं नॉरअ‍ॅड्रेनलिन इथूनच येतं.

त्याने होतं काय? तुम्ही शांत वाचत बसलाय आणि मागून कुणीतरी तुमच्या नावाने हाक मारली. त्या क्षणी या पेशी एकदम झटक्यात पेटतात आणि लगेच गप्प होतात, आणि तुमचं सगळं लक्ष पुस्तकावरून हाकेकडे वळतं. एरवी जागेपणी त्या संथ लयीत, सेकंदाला एखाददोन ठोके या हिशोबाने चालू असतात. झोप लागली की मंदावतात, आणि स्वप्नांची झोप म्हणजे रेम झोप लागली की जवळजवळ पूर्ण बंद. ही लय खूप कमी असेल तर माणूस पेंगतो, मध्यम असेल तर लक्ष छान लागतं, खूप वाढली तर मन सैरभैर होतं, एका गोष्टीवर टिकत नाही. तणावात ती वाढते हे खरंच आहे पण तणाव नसताना शांतपणे गणित सोडवतानाही त्या पेशी कामाला असतातच, म्हणून तणावाचं केंद्र हे लेबल अपुरं आहे.

औषधांतही हे दिसतं. क्लोनिडीन हे रक्तदाबाचं जुनं औषध, त्याने झोप येते त्याचं एक कारण म्हणजे ते या पेशींना ब्रेक लावतं. आयसीयूमधे वापरतात ते डेक्समेडेटोमिडीनही असंच, पेशंट झोपेसारखा शांत पडून राहतो पण हाक मारली तर डोळे उघडतो.

अजून एक गल्लत जाता जाता सांगतो कारण ती चांगल्या चांगल्यांची होते. याच्या शेजारी, जरा खाली आणि पुढच्या अंगाला एक भाग आहे, सबसेरुलियस. सब म्हणजे खालचा. रेम झोपेत आपले स्नायू सैल पडतात म्हणून आपण स्वप्नात पळालो तरी अंथरुणात पळत नाही, ते सैल पाडण्यात या सबसेरुलियसच्या पेशींचा हात आहे. म्हणजे त्या झोपेत निळी जागा बंद आणि तिच्या खालची चालू. एक सब गाळला की अर्थ पार उलटा होतो. हा भाग बिघडला की माणूस स्वप्नातल्या मारामारीत खरोखर हातपाय झाडतो, आणि अशा काहींना पुढे काही वर्षांनी पार्किन्सन्स झालेला दिसतो.

आता मैत्रिणीच्या प्रश्नाकडे परत. पार्किन्सन्समधे आणि अल्झायमर्समधेही या जागेतल्या पेशी मरतात, त्यांच्याबरोबर रंगद्रव्य जातं, आणि मृत्यूनंतर पॉन्सचा काप घेतला की ते दोन काळपट ठिपके फिके किंवा जवळपास गायब दिसतात. पॅथॉलॉजीवाले ते मुद्दाम बघतात. इतकंच नाही, अल्झायमर्समधे जे टाऊ नावाचं प्रोटीन बिघडून साठतं त्याच्या अगदी सुरुवातीच्या खुणा इथे तरुण वयातल्या मेंदूंतही सापडल्यात, अर्थात तशा खुणा दिसल्या म्हणजे पुढे आजार होणारच असं नाही, हे घाबरणाऱ्यांनी लक्षात ठेवावं.

जिवंत माणसात ही जागा बघणं बरीच वर्षं जमत नव्हतं, साध्या एमआरआयमधे ती दिसत नाही. 2006 मधे जपानी संशोधकांनी 3 टेस्लाच्या, म्हणजे जास्त ताकदीचं चुंबक असलेल्या एमआरआय मशीनवर एका खास पद्धतीने न्यूरोमेलॅनिन टिपून दाखवलं, आणि आता त्यावर भरपूर काम चाललंय. हे चित्र मी मैत्रिणीला फोनवर दाखवलं. करड्या पॉन्समधे पोकळीच्या दोन बाजूंना दोन बारीक पांढरेशुभ्र ठिपके. ती बराच वेळ स्क्रीन मोठी करून बघत राहिली आणि म्हणाली, अरे पण हे तर पांढरं आहे, निळं कुठंय?