सॉनिक स्क्रू-ड्रायव्हर लाकडापुढे का हरतो?

बीबीसीच्या ‘डॉक्टर हू’ या मालिकेत १९६८ साली सॉनिक स्क्रू-ड्रायव्हर नावाचे अवजार प्रथम दिसले. पेनासारख्या या कांडीतून ध्वनिलहरी सोडल्या की स्क्रू कुणी हात न लावता बाहेर येई. पुढच्या दशकांत कुलपे उघडण्यापासून यंत्रे बिघडवण्यापर्यंतची कामे त्याच्याकडे आली, आणि सगळेच फार सोपे होऊ लागले म्हणून की काय, लेखकांनी त्याला एक मर्यादा घातली: ते लाकडावर चालत नाही. चाहत्यांमध्ये हा विनोद फार लोकप्रिय आहे; भौतिकशास्त्राच्या हिशेबाने मात्र तो नेमका उलटा आहे.

प्रत्येक माध्यमाला ध्वनिसंरोध असतो, म्हणजे त्या माध्यमाची घनता गुणिले त्यातला ध्वनीचा वेग. एसआय एककांत हा आकडा हवेसाठी साधारण ४१०, पाण्यासाठी १५ लाख आणि पोलादासाठी साडेचार कोटींच्या वर येतो. दोन माध्यमांच्या सीमेवर या आकड्यांत जितकी तफावत जास्त, तितका जास्त ध्वनी आल्या वाटेने परत फिरतो. हवेतून पोलादावर पडणाऱ्या ध्वनिऊर्जेच्या एक लाख भागांपैकी जेमतेम ४ भाग आत शिरतात. लाकडाचा संरोध जातीनुसार व रेषांच्या दिशेनुसार बदलतो, पण तो २० लाख धरला तर लाखातले ८० भाग आत जातात. म्हणजे मालिकेचा नायक असलेल्या डॉक्टरची कांडी खरी असती, तर ती धातूच्या कुलपापेक्षा लाकडी दारावर वीसपट बरी चालली असती. अर्थात, जवळजवळ काहीच न चालण्याच्या वीसपट.

सोनोग्राफीच्या टेबलावर पोटावर पडणारी ती थंडगार जेली याच कारणाने लागते. यंत्राचा दांडा आणि त्वचा यांच्यामध्ये हवेचा पातळ पापुद्रा राहिला, तरी जवळजवळ सगळा ध्वनी तिथूनच माघारी फिरतो. १९८० साली म्युनिकमध्ये ध्वनीच्या धक्क्यांनी मूत्रपिंडातला खडा फोडण्याचा उपचार माणसावर प्रथम झाला, तेव्हा रुग्णाला पाण्याच्या टबात झोपवले होते, कारण पाणी आणि शरीर यांचे संरोध जवळपास सारखे आहेत आणि धक्का वाटेत न अडता खड्यापर्यंत पोचतो. खड्यात शिरलेला दाबाचा धक्का मागच्या पृष्ठभागावर आपटून परत फिरताना ताणात बदलतो. दाब सोसणारा खडा ताण सोसू शकत नाही आणि आतून तडकतो.

आत न शिरता परत फिरणारा ध्वनीही वाया जात नाही. भिंतीवर आपटून उसळणाऱ्या चेंडूप्रमाणे तो पृष्ठभागाला ढकलतो. हवेतला एक वॉट ध्वनी पूर्णपणे परतवला, तर मिळणारा रेटा ०.६ ग्रॅम वजनाइतका असतो. एक वॉट प्रकाशाच्या रेट्याच्या तो पावणेनऊ लाख पट आहे, कारण ध्वनी प्रकाशापेक्षा तितक्याच पटीने मंद धावतो.

हा रेटा वापरणारे एक छोटे यंत्र ब्रिस्टल विद्यापीठातील संशोधकांनी २०१७ साली प्रसिद्ध केले. मोटारीच्या पार्किंग सेन्सरमध्ये असतात तसे ७२ ध्वनिक्षेपक त्यात समोरासमोरच्या दोन वाट्यांत बसवलेले असतात आणि ते ४० किलोहर्ट्झवर चालतात. हवेत ही तरंगलांबी ८.६ मिलिमीटर भरते. समोरासमोरच्या लहरी मिसळून स्थिर लहर बनते आणि तिच्यात दर ४.३ मिलिमीटरवर दाबाचा निस्पंद, म्हणजे दाब जिथे जवळजवळ बदलत नाही अशी जागा, येतो. तिथल्या मण्याला एका आवर्तनात जितका वर, तितकाच खाली धक्का बसतो, त्यामुळे बलाच्या सूत्रातल्या पहिल्या पदाची सरासरी शून्य होते. उरते ते दाबाच्या वर्गाच्या प्रमाणात असलेले दुसरे पद, आणि हवेपेक्षा जड व कठीण अशा लहान कणाला ते निस्पंदाकडे लोटते. त्याचे सर्वसाधारण सूत्र गोरकोव्ह या सोव्हिएत शास्त्रज्ञाने १९६२ साली मांडले. मी घरी असे यंत्र जोडले तेव्हा काही क्षेपकांच्या तारा उलट लागल्या होत्या, आणि त्या शोधून सुलट करीपर्यंत एकही मणी ठरेना. नंतर थर्मोकोलचे चार मणी एकाखाली एक लटकले. पाण्याचा थेंब मात्र मसुराच्या दाण्यासारखा चपटा झाला. मला काहीच ऐकू येत नव्हते, पण मांजर खोली सोडून गेले.

‘ॐ’च्या कंपनातून वाळूत श्रीयंत्र उमटते, अशा चित्रफिती अधूनमधून फिरत असतात. क्लाड्नी या जर्मन शास्त्रज्ञाने १७८७ सालीच दाखवून दिलेल्या या आकृत्या तबकडीचा आकार, जाडी आणि कंपनाची वारंवारता यांवर ठरतात. शब्दाचा अर्थ तबकडीला कळत नाही. दीपक रागाने दिवे लावणाऱ्या तानसेनाच्या आख्यायिकेचाही हिशेब करून पाहावा. दिवा तर दूरच, ओरडणाऱ्या माणसाची ध्वनिशक्ती एक मिलिवॉट धरली, तर १०० मिलिलिटर पाणी ३० अंशांवरून ९० अंशांवर न्यायला, किंचितही उष्णता वाया न घालवता, साडेनऊ महिने अखंड ओरडावे लागेल.

ग्रीक पुराणातल्या अँफियॉनने लायर हे तंतुवाद्य छेडले आणि थीब्जच्या तटाचे दगड आपोआप जागेवर जाऊन बसले, अशी कथा आहे. स्थिर लहरीत वस्तू तरंगवायची, तर ती अर्ध्या तरंगलांबीहून लहान असावी लागते. एक मीटरच्या दगडासाठी त्यामुळे १७० हर्ट्झच्या खालचा सूर हवा. तो पुरुषाच्या साध्या बोलण्याच्या पट्टीतलाच आहे, तेव्हा सुराची अडचण नाही. नुसत्या परावर्तनाच्या रेट्याचा हिशेब धरला, तरी एक टनाचा दगड पेलण्यासाठी त्या वाद्यातून १७ लाख वॉट ध्वनी, तोही सगळा दगडाच्या तळाशीच, पोचवावा लागला असता.